चार बोटं मोकळी जागा

म्सिंगा,
ता. ९ सप्टेंबर १९७४

धाकट्या मा-म्बाथास, थोरल्या मा-झ्वानेचे अ. आ. वि. वि.

तुझे गुडघे कसे आहेत? तुझ्या दुदुझिलेच्या खोकल्याची उबळ थांबली का? जावयाची पाठ? तिच्या धाकट्याला दात आले असतील एव्हाना. आणि माझी झिबुयिले? माझ्या पोटच्या लेकाची लेक, पण कामासाठी तुझ्याकडे राहते, म्हणून तिची खुशाली मला तुला विचारावी लागते. इकडे सगळे ठीक. शेळ्यांना चारा नाही, पाऊस अजून नदीपलीकडेच रेंगाळतोय. माझा डावा डोळा दुधासारखा झालाय, म्हणून अक्षर मोठं काढलंय. हसू नकोस.

आता मुद्द्याचं. परवा सून मका कांडता कांडता बोलून गेली, की झिबुयिलेच्या लग्नातलं मण्यांचं काम तू करते आहेस. गळ्यातलं, कमरेचं, कपाळावरचं, सगळं. बोलली आणि तिने जीभ चावली. त्या दिवशी माझ्या वाडग्यातलं आंबट दही तसंच राहिलं, हे तुला कळायला हवं.

अगं, आपल्या माबासोंच्या घरच्या सगळ्या मुली सासूबाईंच्या नाहीतर माझ्या मण्यांत नटून सासरी गेल्या. आमचे रंग ही डोंगरकड ओळखते: पांढरा, निळा, गवती हिरवा, लाल. तू नदीपलीकडची, तुमच्यात पिवळा आणि गुलाबी. नाताळात पोरगी सासरच्या अंगणात नाचायला उतरेल तेव्हा तिथल्या म्हाताऱ्या आधी मणी बघतील, मग तोंड. म्हणतील, ही कसली माबासोंची, ही तर नदीपलीकडची दिसते! मग मी कुठे उभी राहू? गोठ्यामागे?

खरं सांगू? तू मला माझं असं काही ठेवूच दिलं नाहीस. घरधनी डर्बनला गोदीत कामाला गेले. मी इथे शेत, गुरं आणि सासू धरून बसले, आणि तू, माझी सवत, त्यांच्यामागे गेलीस. सतरा वर्षं त्यांना तू वाढलंस. तेही गिळलं मी. पण अकरा वर्षांमागे त्यांना शवपेटीतून घरी आणलं, तेव्हा सदऱ्याच्या गळ्यातून चार पांढरे मणी दिसले, आणि दोरा कोरा करकरीत. लग्नाआधी होकाराची पांढरी माळ मी घातली होती त्यांच्या गळ्यात. ती काढून त्यांनी तुझी घातली, हे तिथे बघितलं मी. आणि सगळ्यांदेखत तुझ्या गळ्यात पडून रडले. त्यातलं अर्धं रडणं रागाचं होतं.

तेव्हा काम थांबव आणि मणी इकडे धाड. तुझ्यावर माया आहे, नाही असं नाही. पण या बाबतीत ती मागू नकोस.

तुझी थोरली,
मा-झ्वाने


उमलाझी, डर्बन,
ता. २२ सप्टेंबर १९७४

ती. थोरल्या बाईंस, धाकटीचा सा. न. वि. वि.

माझे गुडघे पायऱ्या दिसल्या की कुरकुरतात. दुदुझिलेचा खोकला गेला, जावयाची पाठ तशीच. बाळाला दोन दात आले, दोन्ही माझ्या बोटाला लागले. तुमचं पत्र दुदुझिले मोठ्याने वाचत होती. मण्यांचा विषय निघाला तसं मी ते तिच्या हातातून काढून घेतलं.

बाई, रंग तुमचेच घेतलेत. पिवळा एक मणी नाही. झिबुयिलेनेच मला गळ घातली. ती म्हणाली, की आजीला सुई ओवता येत नाही आणि ती ते कुणाला कळू देत नाही. तिला काम सांगितलं तर ती नाही म्हणणार नाही, उरलेला डोळाही घालवून बसेल. म्हणून चोरून चाललं होतं. चोरी माझी, कबूल.

आता माळेचं. हे कधी लिहायचं नाही असं मी ठरवलं होतं. ती माळ तुमचीच होती. दोरा तेवढा माझा.

गोदीत पोती वाहताना ती दर दोनतीन वर्षांनी तुटायची. घरधनी ते मणी वेचून रुमालात बांधून आणायचे आणि माझ्यापुढे ठेवायचे. सवतीचा होकार मी माझ्या हाताने ओवायचे. पहिल्या वेळी पांढऱ्यांत एक काळा मणी निघाला. चुकून आला असेल म्हणून मी बाजूला काढला. त्यांनी माळ उजेडाकडे धरली आणि काळा कुठे गेला म्हणून विचारलं. मी म्हटलं, ती तर चूक आहे. तर म्हणाले, की चूक खरीच, पण तिची आहे, होता तिथे घाल. तो मणी मी चुलीपुढे रांगत शोधलाय, बाई.

माझीही माळ होती त्यांच्याकडे. ट्रंकेत असायची, नीट गुंडाळलेली. कधी तुटली नाही. अंगावर चढलीच नाही तर तुटेल कशी? वाढलं मी, पण जळत होते मीसुद्धा. तुमची माळ शेवटची ओवली ती त्यांना पेटीत ठेवायच्या आदल्या दिवशी.

गळपट्टीच्या मधली तुमची वीण मला जमत नाही. तीनदा उसवली. चार बोटं जागा मोकळी ठेवून झिबुयिलेच्या बापाबरोबर पाठवते आहे. काय करायचं ते तुम्ही ठरवा. राग सोडा असं म्हणत नाही, मलाही कुठे सुटलाय.

आपली धाकटी,
मा-म्बाथा


म्सिंगा,
ता. १३ ऑक्टोबर १९७४

धाकट्या मा-म्बाथास, अ. आ. वि. वि.

पत्र तीनदा वाचलं. पहिल्यांदा वाचून मी अंगणात कोंबड्यासारखी मान ताठ करून फिरले. दुसऱ्यांदा तू रुमालाची गाठ सोडताना दिसलीस आणि खाली बसले. तिसऱ्यांदा कागद चुरगळला आणि परत सरळ केला. ती माळ पहिल्यांदा ओवली तेव्हा माझ्याकडे एक पांढरा मणी कमी पडला होता. दुकान दिवसभराच्या वाटेवर आणि मला थांबवत नव्हतं, म्हणून काळा ओवून मोकळी झाले. मैत्रिणी हसतील म्हणून कुणाला बोलले नाही. घरधन्यांच्या लक्षातच आलं नाही असं धरून चालले. त्या मण्याबद्दल ते माझ्याशी जन्मात एक शब्द बोलले नाहीत, आणि बोलले ते तुझ्याशी! आता याचा हेवा मी कुठे ठेवू, सांग.

गळपट्टी परत पाठवली आहे. सून सुया ओवून देत गेली, मी बोटांनी चाचपत वीण घातली. चार बोटं भरली. मागे गुंडीजवळ, शालीखाली झाकेल अशी, एक ओळ तुझ्या पिवळ्याची घाल. पुढे नको, एवढं मन अजून मोठं झालेलं नाही.

सून म्हणते, एक मणी चुकलाय. कुठे ते मी विचारलं नाही. तुला दिसेल. तो काढू नकोस.

पिवळी ओळ घातलीस की लगेच दोन ओळी लिही. टपालाची बस इथे बुधवारी येते. मी रस्त्याला येऊन बसेन.

तुझी,
मा-झ्वाने