सुमेधच्या हाती लागलेली पूड

चंदनसार, विरार

प्रिय मनोरमा,

आपल्या पडवीत लहानगा सुमेध खड्या आवाजात कविता म्हणायचा, तो आवाज सकाळपासून कानात आहे. तुझा गुडघा कसा आहे?

मी बरा आहे. फोनवर तुला अर्धंच सांगितलं. आपला हा नातू कोकेनच्या नादी लागलाय. गेल्या आठवड्यात आपल्या हेमंतने पोटच्या पोराला घराबाहेर काढलं. आता त्याचं नावही काढू देत नाही.

डॉक्टरांनी मला सगळं समजावलं. दूर परदेशी डोंगरांत कोकाचं झुडूप वाढतं. तिथली माणसं थंडी-भूक सोसायला त्याचं पान चघळतात. एखाद्या बालकवितेत शोभलं असतं असं पान. त्यावर रॉकेल, आम्ल असलं काही ओतून ही पांढरी पूड काढतात. ती घेतली की घटकाभर राजा झाल्यासारखं वाटतं, मग झोप उडते, संशय छळतो. तरुणाचंही हृदय बंद पडू शकतं. पण उपचारांनी मुलं सावरतात म्हणे. तू रडत बसू नकोस.

एवढं लिहितोय तोच बेल वाजली म्हणून उठलो. दारात हेमंत, भर दुपारी ऑफिस सोडून आलेला, सुमेधचा हात घट्ट धरून.

"नालासोपाऱ्याला मित्राकडे होता. बाबा, चप्पल घाला, तिघंही डॉक्टरांकडे जाऊ."

निघतो गं.

तुझा,
दिनानाथ