रावसाहेब म्हणायची घाई

अण्णा, त्या सकाळी मी मोरीत राखेने तांब्या घासत होते, आई चुलीपाशी भाकरी थापत होती आणि तुम्ही खिडकीत आरसा टेकवून दाढी करत होतात. सिन्नरच्या आपल्या कचेरीत तहसीलदाराला रावसाहेब म्हणायचे, तुम्हा नायबाला भाऊसाहेब. बढती तुमचीच, असं सगळे धरून चालले होते, म्हणून आईने भाकरी उलटता उलटता हसत हाक मारली, "रावसाहेब, पाणी तापलं." खुर्ची दुसऱ्याला गेल्याचं तुम्हाला आदल्या संध्याकाळीच कळलं होतं. घरात तुम्ही सांगितलं नव्हतं.

तुम्ही साबण लावल्या तोंडाने उठलात, फुंकणी उचललीत आणि तिच्या मनगटावर घातलीत. हाड मोडल्याचा आवाज मोरीपर्यंत आला. ती खाली पडली तरी तुम्ही मारत राहिलात, पाठीवर, मांडीवर. भाकरी तव्यावर जळत होती. तेवढ्यात दारात फौजेतून आलेला तो कॅप्टन आला, ज्याला तुमची खुर्ची मिळाली होती. कामावर हजर होण्याआधी कचेरीतल्या जुन्या माणसाला भेटून जावं म्हणून आला होता. लंगडत आत येऊन त्याने तुमचा हात धरला. म्हणाला, "भाऊसाहेब, राग माझ्यावर आहे. मला मारा." तुम्ही फुंकणी खाली ठेवलीत, तोंड पुसलंत आणि म्हणालात, "या साहेब, बसा." मग आईकडे न बघता, "चहा टाक." आईने एका हाताने आधण ठेवलं. तो चहा कॅप्टन प्यायला नाही. आईला जीपमध्ये घालून दवाखान्यात घेऊन गेला. तिचा हात पुढे कधी सरळ झाला नाही.

माझी शाळा सातवीत सुटली. नवरा वारल्यावर मी वाचनालयात जाऊन बसायला लागले. मिळेल ते वाचते. माजी सैनिकांच्या राखीव जागांचा तो नियमही वाचला. तुम्ही ज्या वयात परीक्षा देऊन कचेरीत बसलात, त्या वयात तो कॅप्टन सरहद्दीवर होता. म्हणून त्याला राखीव जागा आणि फौजेतली वर्षं धरून तुमच्या वरची ज्येष्ठता. मला तो नियम चुकीचा वाटत नाही. तुम्ही दुष्काळात गावोगाव सायकलवर फिरलात, ते मात्र कुणी धरलं नाही, हेही खरं आहे.

परवा तुमचा नातू ऑफिसातून आला. वरच्या राखीव जागेवर एक माजी मेजर नेमला गेला होता. सून कणीक मळत होती, तिने फक्त विचारलं, "झालं का तुमचं बढतीचं?" त्याने तिचे केस धरून डोकं ओट्यावर आपटलं. दोनदा. कणकेत रक्त पडलं. मी मधे गेले तर मला ढकलून म्हणाला, "त्याची फौजेतली वर्षं मोजतात. माझी कोण मोजणार, आई?" मग खुर्चीत बसला आणि तिला म्हणाला, "चहा टाक." आवाज तुमचा होता, अण्णा. तुम्हाला तर त्याने पाहिलंसुद्धा नाही. चहा तिने टाकला नाही, मी टाकू दिला नाही.

हे पत्र कुठे पाठवायचं नाही, म्हणून एक सांगून टाकते. ती खुर्ची तुमची होती, असं मला अजून वाटतं. दुसऱ्या दिवशी सकाळी मी सुनेला घेऊन पोलीस ठाण्यात गेले आणि माझ्या मुलाचं पूर्ण नाव सांगितलं.