वाडीचा निम्मा ताबा

४ फेब्रुवारी १९५२

पुन्हा तारीख! वकील म्हणतात, "बाई, धीर धरा." तीन वर्षं दुसरं काय धरलंय? हे गेले, आणि तेरावं होताच एकनाथभाऊजींनी भुईगावच्या केळीच्या वाडीला नि घराला कुलूप घातलं. "दादाने मास्तरकी केली, वाडी मी कसली" — धाकट्या दिराचं हे बोलणं. कसली त्यांनीच, खोटं कशाला लिहू? पण मामंजींच्या वाडीत माझ्या सरलाचं काहीच नाही? आम्ही मायलेकी बोळिंजला, भावाच्या पडवीत. भावजय बोलत नाही काही. भांडी मात्र आपटते.

१९ फेब्रुवारी

सेबेस्टियन आले होते. वाडीचे शेजारी. कोर्टात साक्षीदार माझे, आणि लहानपणापासूनचे दोस्त भाऊजींचे!

ओट्यावरच बसले. "अनसूयाबाय, एकनाथ मिटवायला तयार हाय. निम्मी वाडी, निम्मं घर तुझं. पानी दोघांनी पाळीने घ्यायचं. गेल्या तीन वर्षांच्या केळीचे पैसे तेवढे मागू नको."

हरणार हे कळून चुकलं असणार भाऊजींना.

२० फेब्रुवारी

भाऊ म्हणतो, केळी का सोडायची? वकीलही तेच. मी म्हटलं, सोडली! सरला नववीत आहे. तिचं लग्न झाल्यावर निकाल घेऊन काय करू?

१७ मार्च

वसईचं कोर्ट. जज्जसाहेबांनी तडजोडीचा अर्ज मोठ्याने वाचला. मग मला, "बाई, समजलं ना? कोणाचा दबाव नाही?" मी कसंबसं म्हटलं, "नाही. राजीखुशीने."

भाऊजींनाही तेच विचारलं. "व्हय साहेब. माझ्या मनानं."

सही करताना त्यांची मान खाली होती. मला बरं वाटलं — देवा, क्षमा कर.

साहेबांनी खाली दोन ओळी लिहिल्या. दावा निकाली! तीन वर्षांचा दावा, आणि दोन ओळी.

पायऱ्यांवर भाऊजी मागून म्हणाले, "वैनी, पाडवा घरी करा." तीन वर्षांत पहिल्यांदा हाक मारली.

२४ मार्च

ताबा मिळाला!!

भाऊजींनी आणि सेबेस्टियननी दोरी धरून हद्द आखली. विहिरीच्या पश्चिमेची बाजू माझी — केळी, पानवेलींचे दोन वाफे, एक रायवळ आंबा. सरला अनवाणी शेवटपर्यंत धावत गेली आणि धावत परत आली. रुक्मिणीने, माझ्या धाकट्या जावेने, भात-आमटी आणून ठेवली. "आज चूल नका पेटवू, वैनी."

किती जणांचे उपकार! वकिलांचे, जज्जसाहेबांचे, सेबेस्टियनचे तर जन्मभर. भाऊ म्हणतो, तू मन मोठं केलंस म्हणून मिटलं. मलाही तसंच वाटतं.

२५ मार्च

सकाळी पाण्याची पाळी माझी. पाटाचं पाणी पहिल्या केळीच्या बुंध्याशी पोचलं आणि मी बांधावर बसले. पोटभर रडले. हे असते तर!

३० मार्च

रुक्मिणी विहिरीवर धुणं धूत होती. एकाएकी म्हणाली, "वैनी, मनात राहत नाय." माघात माळा झाडताना तिला मामंजींचं मृत्युपत्र सापडलं होतं. साक्षीदारांच्या सह्या असलेलं. घर, वाडी, सगळं एकट्या एकनाथला! थोरल्याने शेती सोडून मास्तरकी धरली म्हणून.

"कुठाय?"

"चुलीत. यांनी दोनदा वाचलं नि घातलं. म्हनाले, बाबांनी रागात लिवलं. पोरीचा काय गुन्हा? नि सेबेस्टियनला हाक मारली."

मी तशीच उठले. भाऊजी पलीकडे केळीला टेकू लावत होते. थोरली असून वाकून हात जोडले.

"काय झालं, वैनी?"

मी टेकूचं दुसरं टोक धरलं.