मरायचं काम

आई, आज शिरवळपुढच्या खंडाळ्याजवळच्या एका पडक्या विहिरीवर शूटिंग होतं. ते आटोपून मी शिरवळच्या लॉजवर बसलोय. शेजारच्या खोलीत तुझी नात झोपली आहे. तू गेलीस तेव्हा ती पाळण्यात होती, आता भुताच्या सिनेमात नायिका आहे आणि तिला ओरडून कामाला लावणारा दिग्दर्शक मी आहे.

तुला माझं काम कधी पटलं नाही. कुपवाडच्या कारखान्यात लेथवर होतो तोवर तू सुखात होतीस. मग माझी हाडं आणि खोल डोळे बघून कुणीतरी मला सिनेमात प्रेत केलं, आणि पुढं दिग्दर्शक होईपर्यंत तेच चाललं. कधी वेताळ, कधी मांत्रिक, कधी दरोडेखोर. शेवटी मरायचो मात्र प्रत्येक सिनेमात. गावच्या जत्रेत तंबूत माझा सिनेमा लागला, तेव्हा तू मध्येच उठून घरी आलीस. मी मागोमाग येतो तर तू चुलीपुढं भाकरी थापत बसलेली, माझ्याकडं बघायला तयार नाहीस. "आगं, खोटं असतंय सगळं," मी म्हणालो. "आसंल. कोकरू वरडलं तर मला कळतंय, भुकंनं का लांडग्यापायी. तुजं कळत न्हाई रं," तू म्हणालीस. तव्यावरची भाकरी करपत होती. "आन् तुला मर म्हणून सांगतुय त्यो कोण? त्येला लेकरंबाळं न्हाईत व्हय?" मी लय हसलो होतो. सेटवर चहाच्या वेळी हा किस्सा सांगून कितीजणांना हसवलं. आज मात्र तो आठवला आणि तुला लिहायला बसलो.

आज तुझ्या नातीला दोर बांधून विहिरीत अर्ध्यावर सोडायचं होतं. दुपारपर्यंत किंकाळी जमेना. मी चिडलो, चारचौघांत नको ते बोललो. "पप्पा, अजून एकदा घेऊया," ती म्हणाली, तोंड एवढंसं झालेलं. कॅमेरा चालू झाला आणि दोर कप्पीवरून घसरला. ती हात-दोन हात खाली गेली आणि ओरडली. पोरांनी दोर धरला, वर ओढली. तिनं पहिलं हेच विचारलं, "मिळाला ना शॉट?" सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. उद्या सकाळी तोच प्रसंग जवळून घ्यायचाय. दोर नवा आणायला सांगितलाय. कप्पी बदलायची राहिली हे लिहिता लिहिता लक्षात आलं, तरी मी अजून कुणाला फोन केलेला नाही. कप्पी पुण्याहून यायची, म्हणजे दिवस जाणार, आणि तिची आजची भीती उद्यापर्यंतच टिकेल.

हे पत्र कुठं टाकायचं नाही, म्हणून लिहितो. ती ओरडली ते नाटक नव्हतं हे मला लगेच कळलं. ‘कट’ माझ्या ओठांवर होतं, आई. किंकाळी संपेपर्यंत मी ते म्हटलं नाही.