माणसं बसवून घेतलेलं माप

दादा, आज नांदेडच्या आमच्या वर्कशॉपला धर्माबादचे एक गृहस्थ आले होते. गाडी लहान, चाकं तेरा इंची, आणि त्यांना पंधरा इंची अलॉय बसवायची होती. देवदर्शन करून परत चालले होते, त्यामुळे बायको, आई आणि दोन मुली बरोबर होत्या. मी सगळ्यांना परत गाडीत बसायला सांगितलं. त्यांची आई उन्हाने वैतागलेली होती. म्हणाली, "मला कशाला बसवून राहिलीस बाई, मी काय चाक हाय का?" मी म्हटलं, "आजी, तुम्ही बसल्याशिवाय चाकाचं कळत नाही." त्या बसल्या. मी खाली वाकले आणि मागच्या चाकाच्या वर मडगार्डच्या आत दोन बोटं घालून पाहिली. त्या गृहस्थांनी विचारलं, ही कंपनीची पद्धत आहे का. मी हो म्हटलं. त्यांना चौदा इंची आणि जाड टायर घ्यायला सांगितलं, कारण लिहून दिलं आणि पाठवलं. मग हात धुवायला गेले आणि नळाखाली हात धरून गरजेपेक्षा जास्त वेळ उभी राहिले. पाणी असं वाहू दिलेलं तुम्हाला आवडलं नसतं.

तुम्हाला जाऊन नऊ वर्षं झाली. बापाला पत्रं लिहायची मला सवय नाही, रिपोर्ट लिहायची आहे. रिपोर्टमध्ये 'कारण' असा एक रकाना असतो, आणि तो मी कधी रिकामा सोडत नाही. म्हणून हे लिहिते आहे.

लातूरचं आपलं दुकान मला आजही इंचा-इंचाने आठवतं. नांदेड रोडला, दहा बाय बावीसचं, दारात जॅक आणि आत माळा. पंक्चर शोधायचा लोखंडी टब दाराच्या डाव्या हाताला. त्या दुष्काळाच्या वर्षी त्या टबातलं पाणी चार महिने बदललेलं नव्हतं. ते काळं झालं, नंतर घट्ट झालं, त्यात बुडबुडा दिसेना, आणि एक दिवस तुम्ही टब उलटा करून ठेवला आणि दाढीच्या ब्रशने टायरला साबणाचा फेस लावून पंक्चर शोधायला लागलात. एका चाकाला पेलाभर पाणी. गिऱ्हाईक हसायचे. "दादा, दाढी चांगली करा बरं का टायरची." तुम्ही म्हणायचात, "माझी ऱ्हायली तरी चालंल, तुमची गाडी न्हाई ऱ्हायली पायजे."

आणि तुमची ती पद्धत. कुणीही मोठी चाकं मागायला आला की तुम्ही आधी माप विचारत नव्हतात, "गाडीत काय भरता?" हे विचारायचात. मग त्याच्या घरची माणसं बसवायची, बरोबर नसतील तर शेजारच्या चहावाल्याला, रिक्षावाल्याला, कुणालाही हाक मारून बसवायचं, स्टिअरिंग दोन्ही बाजूंना पूर्ण वळवायचं आणि चाकावर बोटं घालून बघायचं. दोन बोटं सरळ गेली तर ते चाक घ्यायचं, नाही तर नाही. "रिकामी गाडी खोटं बोलती," असं तुम्ही म्हणायचात. आणि नवीन चाकं बसवली की जुन्या डिस्क, म्हणजे टायरच्या आतल्या लोखंडी रिमा, महिनाभर माळ्यावर ठेवायच्या, विकायच्या नाहीत. मला लहानपणी गाडीत बसायला बोलावलं की मी पळत यायचे. डिप्लोमाला नांदेडला गेल्यावर मला त्या सगळ्याची लाज वाटायला लागली. हे मी तुम्हाला बोलून दाखवलं नाही, पण तुम्हाला ते कळलं होतं.

ॲडमिशन झाली तेव्हा तुम्ही मला व्हर्नियर घेऊन दिला होता. दुकानदाराला "सगळ्यात बारीक मोजणारं द्या" असं म्हणाला होतात. तो अजून माझ्याकडे आहे. त्या उन्हाळ्यात शेवटच्या वर्षाची परीक्षा देऊन मी घरी आले, तेव्हा तो खिशात घालून दुकानात बसायचे.

आप्पा आले तो दिवस. उदगीरला त्यांचं भांड्यांचं दुकान, वीस वर्षांचं तुमचं जाणं-येणं, गाडीचं काहीही असलं तरी ते साठ-सत्तर किलोमीटर तुमच्याकडेच येणार. कपाळावर भस्माचे पट्टे, शर्टाच्या खिशात दोन पेनं. उदगीर जिल्हा होणार अशी तेव्हा पुन्हा चर्चा होती आणि आप्पांनी ती फारच मनावर घेतली होती.

"जिल्हा झाला की कलेक्टर येणार. त्याच्या गाडीशेजारी माझी उभी ऱ्हायली तर शेळीवानी दिसंल," ते म्हणाले. "पंधरा इंची टाक."

"कलेक्टर तुमच्या दुकानाम्होरं गाडी कशाला लावंल? घागर घ्यायला?"

"यंदा येईल बी. ड्रम अन् घागरीशिवाय काय खपून राहिलंय? दुष्काळानं सगळ्यांचं दुकान बसवलं, माझंच चालतंय. लाज वाटती कधी कधी."

तुम्ही हसलात आणि नेहमीचं विचारलंत, "बरं आप्पा, गाडीत काय भरता?" आणि त्यांनी तोंड उघडायच्या आत मी मध्ये बोलले. मी म्हटलं, दादा, ते अंदाजाचं काम झालं, ह्याला हिशोब असतो. खडू घेतला आणि शटरच्या आतल्या बाजूला लिहिलं. जुन्या चाकाचा पूर्ण व्यास पाचशे अठ्ठ्याहत्तर मिलिमीटर. पंधरा इंची डिस्क आणि पातळ कडेचा रुंद टायर घेतला तर पाचशे चौऱ्याऐंशी. फरक एक टक्का. वेगाचा मीटर चुकणार नाही, भाराचा आकडाही बसतो. सगळं बरोबर होतं, दादा. आजही तो हिशोब मी तसाच मांडेन. तुम्ही म्हणालात, "बोटं घालून बघू तरी." त्यावर मी आप्पांकडे बघून म्हटलं, "बोटं प्रत्येकाची वेगळी असतात, दादा."

आप्पा मोठ्याने हसले. तुम्हीही हसलात, पण आधी तुम्ही तुमच्या हातांकडे पाहिलंत. काळे, नखं तुटलेली, उजव्या हाताचं मधलं बोट जॅकखाली सापडून थोडं वाकडं झालेलं. मग ते हात फडक्याला पुसलेत आणि म्हणालात, "बसव. पोरगी शिकून आलीय." त्या आवाजात राग नव्हता. राग असता तर मला सोपं गेलं असतं. तुम्हाला अभिमान वाटत होता.

मी जे मोजलं नव्हतं ते असं. त्या टायरच्या कडेची उंची जुन्या टायरपेक्षा बावीस मिलिमीटरने कमी होती, आणि नवीन चाक मडगार्डच्या बाजूला तेवढंच बाहेर आलेलं होतं. रिकाम्या गाडीला ह्याने काही होत नाही. पण त्या वर्षी लातूर जिल्ह्यात रिकामी गाडी कोणाची होती? आपल्याच घरी तुम्ही स्कूटरवर दोन कॅन पायाशी आणि एक मागे बांधून आणत होतात. आप्पा रोज सासुरवाडीच्या बोअरवरून मागची सीट पाडून वीस लिटरचे बारा जार आणायचे. दोनशे चाळीस किलो. त्यांनी ते सांगितलंच असतं. मी सांगू दिलं नाही.

आठ-दहा दिवसांनी ते पुन्हा आले, कामासाठी लातूरला आले होते म्हणून. तुम्ही जेवायला घरी गेला होतात. मी एकटीच. आप्पा गाडीतूनच म्हणाले, "पोरी, पाणी भरलं की मागून घासल्यावानी आवाज येतोय बघ." मी बाहेर येऊन वाकून पाहिलं. हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही. मागच्या दोन्ही टायरच्या बाहेरच्या खांद्यावर एक चकचकीत पट्टा उमटला होता, बोटाएवढा रुंद, आणि मडगार्डच्या आतल्या कडेचा रंग जाऊन पांढरा पत्रा दिसत होता. मला कळायला काही सेकंद लागले, जास्त नाही. तुम्ही अर्ध्या तासात येणार होतात. तुम्ही आलात की मला ते तुम्हाला दाखवावं लागलं असतं, आणि शटरवरचा खडूचा हिशोब अजून पुसलेला नव्हता. मी म्हटलं, "नवीन टायर आहेत, आप्पा. हळूहळू बसतील." ते म्हणाले, "तू म्हणतीस तर बसतील," आणि गेले.

पुढच्या आठवड्यात उदगीरच्या अलीकडे, पाणी घेऊन येताना, घासून पातळ झालेल्या जागी डावा मागचा टायर फुटला. गाडी रस्ता सोडून नाल्यात उतरली. आप्पांना खरचटलं. काकू शेजारी बसल्या होत्या, त्यांचं उजवं मनगट मोडलं. बारा जारांतलं पाणी रस्त्यावर सांडलं आणि काकू हात धरून त्या पाण्याकडे बघत बसल्या होत्या, असं आप्पा सांगत होते.

गाडी ओढून आपल्या दुकानासमोर आणली होती. ऊन असं की पत्र्याला हात लावता येत नव्हता. आप्पा पहिल्यांदाच तुम्हाला मोठ्या आवाजात बोलत होते. "मी आलो होतो की. आवाज येतो म्हणून सांगायला आलो होतो. तू नव्हतास. हिला सांगितलं." त्यांनी माझ्याकडे बोट केलं नाही, नुसतं बघितलं. तुम्हीही बघितलंत. मी व्हर्नियर हातात धरून उभी होते, त्याचा जबडा उघडत होते आणि मिटत होते.

तुम्ही खाली बसून त्या टायरवर अंगठा फिरवला. फुटलेल्या जागेच्या दोन्ही बाजूंना तो पट्टा अजून दिसत होता. तो किती दिवसांचा आहे ते तुम्हाला सांगायची गरज नव्हती. मग उठून म्हणालात, "तिनं मला सांगितलं होतं, आप्पा. मीच म्हणलो, बसतील टायर."

"आन् ते शटरवरचं गणित?"

"गणित तिचं बराबर हाय. माप माझं चुकलं."

तुम्ही माळ्यावर चढलात आणि त्यांच्या जुन्या तेरा इंची डिस्क खाली घेतल्यात. महिना व्हायचा होता, म्हणून त्या होत्या. चारही चाकं तुम्ही स्वतः बदललीत, मला पान्याला हात लावू दिला नाहीत. आप्पा गेले ते पुन्हा आले नाहीत. उदगीरलाच कुणाकडे तरी जायला लागले असं कळलं. वीस वर्षं दर संक्रांतीला त्यांच्याकडून येणारं एक भांडं त्या वर्षी आलं नाही. आईने विचारलं, तुम्ही म्हणालात, दुष्काळाचं वरीस हुतं, इसरले असतील.

मला तुम्ही काहीच बोलला नाहीत. मी दोन-तीन दिवस वाट पाहिली. मग एका दुपारी अर्धापूरची एक गाडी आली, केळीवाला एकटाच होता. तुम्ही मला हाक मारलीत, "ये, बस." मी मागच्या सीटवर बसले. चहावाला आला, रिक्षावाला आला, गाडी खाली दबली. तुम्ही खिडकीतून म्हणालात, "आता उतर आन् बघ. तुझ्या जागी मी बसतो." मी खाली वाकून माझी बोटं घातली. एकच गेलं. मी म्हटलं, "बसत नाही." तुम्ही आतून म्हणालात, "मग सांग त्यास्नी." मी केळीवाल्याला सांगितलं. एवढंच झालं. तेव्हा मला वाटलं, तुम्ही मला शिकवताय. तुम्ही मला माझी चूक सांगायची संधी देत होतात, हे मला फार उशिरा कळलं. त्या दिवशी गिऱ्हाईक गेल्यावर तुम्ही पान्यांचा डबा लावायला नेहमीपेक्षा जास्त वेळ घेतलात. मी समोर उभी होते. मी घड्याळ पाहिलं आणि घरी गेले.

दीड वर्षाने तुम्ही गेलात. दहाव्याला आप्पा आले. काकू बरोबर होत्या, त्यांचा हात बरा झाला होता, पण पदर डाव्या हाताने सावरत होत्या. आप्पा भिंतीला टेकून बसले. मग मला म्हणाले, "तुझ्या दादाचं माप कधी चुकलं न्हाई, पोरी. ते एकदाच चुकलं. आन् मी तेवढंच धरून बसलो." त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं. खोलीत आई होती, मामा होते, सगळे ऐकत होते. तीन शब्द पुरे होते. 'चूक माझी होती.' मी उठले आणि काकूंना पाणी आणून दिलं.

आता लोक मला विचारतात, एवढी अचूक कशी काय काम करता. मी शिक्षणाचं नाव सांगते. आज कंपनीचं सांगितलं.

हे तुम्हाला पाठवता येत नाही, हे मला माहीत आहे. पण हे आप्पांना पाठवता येतं. ते आहेत. उदगीर अजून तालुकाच आहे, त्यांचं दुकान त्याच जागी आहे, पत्ता मला पाठ आहे. कामाच्या निमित्ताने गेल्या दोन वर्षांत मी तीनदा उदगीरला गेले. गाडी दुकानासमोरच उभी असते, रंग उडालेली, तुम्ही परत बसवलेल्या त्याच तेरा इंची डिस्क अजून तिला आहेत. एकदा आप्पा बाहेर खुर्ची टाकून बसले होते आणि त्यांनी मान वर केली.

मी तिन्ही वेळा रस्त्याच्या पलीकडून गेले, दादा.