हातगुण

आई, काल शेजारच्या मुलीने कोंबडीचं पिल्लू मुठीत आवळून आणलं आणि माझ्या तोंडून तुझंच वाक्य निघालं, "दाबतेस काय, लिंबू आहे का ते?" त्यानंतर दिवसभर मन कशात लागलं नाही.

विंझरच्या घरी चुलीमागच्या पाटीत खुडूक कोंबडी अंडी उबवत बसलेली असायची. पिल्लाला हात लावण्याआधी तू मला हात शेकायला लावायचीस. "वरनं झडप घालू नगंस, घार आली वाटंल त्याला. हात खाली धर, आपसूक चडंल." आणि ते खरंच चढायचं. वाडीतल्या बायका अंडी उबवायला ठेवताना तुलाच बोलवायच्या. तुझ्या हाताला गुण आहे, म्हणायच्या. एरवी घरात खालमानेने वावरणारी तू तेवढ्या कामाला किती ताठ चालत जायचीस!

त्या वर्षी मी पुण्याच्या कॉन्व्हेंटमधून नाताळच्या सुट्टीला आले होते. स्वच्छतेचं बक्षीस मिळवून. तू खळ्यावर भात झोडायला गेलेली. अकरा पिल्लं राखेत लोळून मळलेली दिसतात. मी एकेक उचलते, शाळेतून आणलेल्या वासाच्या साबणाने घंगाळात धुते, सुपात ओळीने उन्हाला ठेवते. ऊन कलतं, गार वारा सुटतो. तू आलीस तेव्हा दोनच हलत होती. ती तू पदरात घेऊन पोटाशी धरलीस.

तुझ्या सासूने, माझ्या आजीने, विचारलं, "पानी कुनी घातलं ह्यांच्यावर?"

तू माझ्याकडे पाहिलंस. "माज्याच हातनं घागर लवंडली."

"मंग त्यो हात आता कुनाच्या अंड्यांस्नी लावू नगं."

मी दाराआड उभी होते. आजीने ते पाणवठ्यावरही सांगितलं, आणि तुला बोलवायला पुन्हा कुणी आलं नाही. बायका दारावरून पुढे जायच्या, तू भांडी घासत राहायचीस.

तू गेलीस त्याच्या आदल्या वर्षी भाकरी थापताना सहज म्हणालीस, "त्या दिशी पिल्लांस्नी साबनाचा वास येत हुता, न्हवं?" एवढंच. मी म्हणाले, "मला न्हाई आठवत." खरं वाटावं म्हणून तुझ्या बोलीत म्हणाले.

लग्नानंतर कितीदा हे लिहायला बसले. पण तुला वाचता येत नव्हतं. कुणाकडून तरी वाचून घ्यावं लागलं असतं. त्या दुसऱ्या माणसाला कळेल, म्हणून तू होतीस तोवर लिहिलं नाही.