पासंग काढलेल्या तराजूचा वारस

मी, राजदीप गुलाब खोब्रागडे, वय सत्तावीस, धंदा फिरता खेळ, राहणार घुग्घुस, जिल्हा चंद्रपूर (राहणार म्हणायचं म्हणून, आई मला पाहुणा म्हणते), असे लिहून ठेवतो की माझं डोकं ठिकाणावर आहे, मी दारू घेतलेली नाही आणि कोणी मानगुटीवर बसून हे लिहवून घेत नाही. बिघडलंय ते फक्त हृदय. त्याची एक झडप नीट मिटत नाही. येत्या सोमवारी नागपूरला ते थोडा वेळ थांबवून झडप बदलणार आहेत. परत सुरू होईल असं डॉक्टर म्हणाले, आणि मीही तेच धरून चाललो आहे. तरी ज्याचा धंदाच मेलेल्याचं हृदय तोलायचा, त्याने मृत्युपत्र न करता जाणं बरं दिसत नाही.

पहिलं. मोटारसायकल बहीण रिनाला. दुसरा गियर लाथ मारल्याशिवाय पडत नाही. तिला जमेल, लहानपणी मला मारून सराव झाला आहे.

दुसरं सांगण्याआधी धंद्याबद्दल सांगतो, नाहीतर वाटणी समजणार नाही. मी आणि अहेरीचा अजय, आम्ही मंडईत (म्हणजे आमच्याकडची दिवाळीनंतरची जत्रा) आणि आठवडी बाजारात ‘मिसरचा न्याय’ नावाचा खेळ लावत होतो. जुन्या मिसर देशात, म्हणजे इजिप्तमध्ये, असं मानत की माणूस मेला की कोल्ह्याच्या तोंडाचा देव त्याचं हृदय तराजूत टाकतो आणि दुसऱ्या पारड्यात सत्याच्या देवीचं पीस. हृदय जड निघालं तर शेजारी बसलेला मगरतोंड्या प्राणी ते खाऊन टाकतो. तोलण्याआधी मेलेल्याने सांगायचं, मी हे केलं नाही, ते केलं नाही. मी दहावी नापास, सगळं मोबाईलवर पाहून शिकलो. पण त्या यादीत ‘मी दुसऱ्याचं शेत कोरलं नाही, वाहतं पाणी अडवलं नाही’ असं निघालं, तेव्हा वाटलं, हे तर आपल्याच धुऱ्यावरचं, शेताच्या बांधावरचं भांडण आहे. बाजारात ही ओळ म्हटली की धानवाले एकमेकांकडे पाहून हसत.

खेळाचा दुसरा अर्धा भाग अजयचा. तो पास्टरचा मुलगा. मिसरच्या गुलामीतून निघालेले इस्राएली लोक, त्यांचा मोशे, आणि हात न लावता दांड्यांवर उचलून न्यायची देवाची पेटी. मिसरवालेही आपले देव नावेत बसवून असेच खांद्यावर मिरवत. एटापल्लीच्या पुढे जंगलातल्या गावांत देव खांद्यावरच निघतो, म्हणून तिकडच्या लोकांना हे समजावून सांगावं लागलं नाही.

तर दुसरं. खेळातली ममी आईला, म्हणजे श्रीमती गिरजाबाईंना. बांबू, रद्दी आणि जुन्या पट्ट्यांची आहे. आमच्या आजोबांनी छप्पन साली घरातले सगळे देव नदीत सोडले. मी हे सामान आणलं तेव्हा आई दारातच आडवी आली. “सासऱ्यानं देव नदीत सोडले, अन तू कोल्हेतोंडे घेऊन आला.”

“आई, मी पूजा नाई करत. तिकीट लावतो.”

“मंग तं पक्का पुजारी झाला.”

हे अजयला सांगितलं तर तो म्हणाला, आमचे इस्राएलीबी मिसर सोडून निघाले अन मोशेची पाठ फिरताच सोन्याचं वासरू करून बसले. आई हल्ली ममीवर सांडगे वाळवते. ते तसंच चालू ठेवावं.

तिसरं. कोल्ह्याचा मुखवटा पानठेल्यावाल्या वारलूला. “नापास पोरगा मिसर शिकवून राह्यला” असं तो चार लोकांत म्हणाला होता. मुखवटा त्याने ठेल्यावर टांगावा. गिऱ्हाईकांनी दोघांतला मालक ओळखावा.

चौथं, तराजू. यावरूनच मी आणि अजय वेगळे झालो. तो आम्ही मोहाची फुलं खरेदी करणाऱ्या एका शेठकडून जुना घेतला होता. एका पारड्यात कोंबडीचं पीस, दुसऱ्यात कागदाच्या लगद्याचं हृदय, आणि काटा दरवेळी बरोबर मधोमध. पीस आणि लगदा सारखे कसे उतरतात, हा प्रश्न आम्हा दोघा शहाण्यांना पडला नाही. अहेरीच्या बाजारात बुधरी आजी, जिने जन्मभर त्याच शेठला मोह घातला, ती पुढे आली, पिसाचं पारडं उलटं केलं, आणि खाली चिकटवलेला लाखेचा गोळा सगळ्यांना दाखवला.

“हा तं शेठचा काटा होय. तिथी आमचा मोह खाते, इथी तुमचं पाप खाते.”

सगळा बाजार हसला. मीही हसलो. अजय नाही हसला. “हा पासंग आत्ताच काढ,” म्हणाला.

“राहू दे ना. सगळे पास होतात, हसत घरी जातात.”

“मंग तोलतो कायले?”

मी म्हणालो, मिसरवालेही हेच करत. मुडद्याच्या छातीवर दगडी भुंगा ठेवत, त्याच्यावर मंत्र, की हृदया, माझ्याविरुद्ध साक्ष देऊ नको. तराजू त्यांचा आणि पासंगही त्यांचाच. अजय म्हणाला, “आमच्या शास्त्रातबी देव काळीज तोलते. खरा काटा ठेवा म्हणते, अन त्याच दमात म्हणते, मी तुम्हाले मिसरातून काढलं. तराजू तिथून आणला असन बी. भुंगा नाई आणला.” कोणी कोणाकडून घेतलं यावर शिकलेले लोकही अजून भांडतात. आमचं मात्र तिथंच मिटलं. तो पेटी घेऊन गेला, मी तराजू.

काल दुपारी मी तो लाखेचा गोळा खरडून काढला. हृदय धाडकन खाली गेलं. मग त्याच्या आतली रद्दी उपसत बसलो. आता ते पोकळ आहे, आणि काटा बराच वेळ हलत राहतो, लवकर ठरत नाही. पाहायला जास्त मजा येते. अजयचं बरोबर होतं. सबब तराजू, पीस आणि खेळाचं नाव अजयला.

पाचवं. मला गुंडाळू नये, मीठ लावू नये. त्रिशरण म्हणून साधं न्यावं. मिसरवाले मेंदू नाकातून काढून फेकत आणि हृदय जपून ठेवत. माझ्या गणिताच्या सरांनी यातलं अर्धं आधीच ठरवलं होतं.

इथपर्यंत सकाळी लिहिलं. पुढचं आज दुपारचं.

ऑपरेशनचं कळलं म्हणून अजय अहेरीहून बसने आला. पेटी सोबत. स्टँडवरून तिला हात न लावता दांड्यांवर आणली, एका टोकाला तो, दुसऱ्या टोकाला आमचे शेजारी मुखरूभाऊ, खाणीच्या ड्युटीवरून परतलेले. आई म्हणाली, आता हे कोण गेलं.

अजयने कागद वाचला. “मले काऊन देऊन राह्यला?”

“मंग कोणाले देऊ? आईले देईन तं भाजी तोलन.”

“साक्षीदार कोण?”

“एक मुखरूभाऊ. दुसरा पाहून राह्यलो.”

“मी करतो सही.”

“तुले नाई जमत. ज्याले वाटा आहे त्यानं साक्षी राहू नये म्हणतात.”

त्याने माझ्याच हातातला पेन घेतला आणि खाली सही केली. “झालं. आता मले वाटा नाई. दिवाळीनंतरच्या मंडईत तुह्या हातानं मांड. मी मोशे घेऊन येतो.”

सबब चौथं कलम मी खोडतो. तराजूला आजच्या तारखेस वारस नाही. तो घ्यायला मलाच परत यावं लागेल.

यापूर्वी मी कोणतंही मृत्युपत्र केलेलं नाही. हे वर लिहिलेलं मी स्वतः वाचलं, आणि आईला मोठ्याने वाचून दाखवलं. सांडग्यांच्या ओळीला तिची हरकत आहे. ओळ ठेवली आहे.

मुक्काम घुग्घुस, दिनांक ११ फेब्रुवारी २०२५

लिहून देणार: राजदीप गुलाब खोब्रागडे (सही)

साक्षीदार:
१. अजय, राहणार अहेरी (सही). पेटी इथंच ठेवून जात आहे.
२. मुखरू, शेजारी (सही)